निळखिंडीचा तह : मसुदा देतोय, कलमं तपासून द्या

अर्धविराम

मंडळी, कादंबरी शेवटच्या भागात आली आहे आणि तहापाशी अडली आहे. आधीचे भाग वाचले नसतील त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो.

सांजवा नदीच्या खोऱ्यात दोन घराणी आहेत, गाठाळे आणि उकले. गाठाळे दोरीत गाठ मारून गोष्टी बांधून ठेवतात. वारा, ताप, पुराचं पाणी, माणसाची वाचा, काहीही. उकले सोडतात. कुलूप, ढग, दुखणं, आणि मनात आणलं तर भिंतीतला चुनासुद्धा. एकेकाळी दोघांचं एकमेकांवाचून चालत नसे, कारण बांधलेला ताप कधीतरी कुणीतरी नीट सोडावाच लागतो. मग एका दुष्काळात गाठाळ्यांनी खिंडीत पाऊस बांधून ठेवला. उकल्यांनी तो एका रात्रीत मोकळा केला आणि खालची गावं वाहून गेली. पाऊस बांधणारा दोषी की सोडणारा, यावर सतरा वर्षं युद्ध चाललं आहे.

विद्येचा एक नियम लक्षात असू द्या. गाठ मारणारा मेला तरी गाठ राहते. ती ज्याची त्याने सोडावी, नाहीतर उकल्याने. तिसऱ्याचा हात लागला तर आतलं सगळं एकदम सुटतं.

आता मसुदा :

कलम १. आज सूर्यास्तापासून उभयतांनी परस्परांची माणसे, गुरेढोरे, पिके, विहिरी व वारा यांवर विद्या चालवू नये.

कलम २. सांजवेची मधली धार ही सरहद्द. धारेतील दुवाशिळा उभयतांची सामाईक.

कलम ३. युद्धकाळी मारलेल्या गाठी ज्याच्या त्याने एक वर्षाचे आत सोडाव्या.

कलम ४. कैदी बिनशर्त परत करावे. वाचा बांधली असेल तर आधी वाचा सोडावी, मग माणूस हवाली करावा.

कलम ५. दोन्ही प्रमुखांनी एकाच तांबड्या दोरीने मनगटे बांधून शपथगाठ मारावी. जो पक्ष तह मोडेल त्याच्या प्रमुखाचा श्वास त्याच क्षणी बांधला जाईल.

कलम ६. ज्यांना दोन्ही विद्या येतात त्या दुहेरी लोकांनी सहा महिन्यांत एक घराणे निवडावे व दुसरी विद्या टाकावी.

कलम ७. हा तह आचंद्रार्क चालावा.

पाचवं कलम तहाचा कणा आहे असं मला वाटतं. इतकी वर्षं एकमेकांवर काडीचा विश्वास नसलेली माणसं नुसत्या शब्दावर थांबतील हे पटत नाही. शिवाय जादूच्या जगात तह करायचा तर त्याला जादूचा आधार हवाच. मोकळेपणाने मतं द्या.

धूमकेतू

पाचवं कलम वाचून अंगावर काटा आला. हेच ठेवा, कृपा करून मऊ करू नका. दोन म्हातारे शत्रू एकाच दोरीत मनगटं अडकवून उभे आहेत आणि दोघांचा श्वास एकमेकांच्या माणसांच्या हाती आहे, असा प्रसंग वाचक विसरणार नाही.

जुना दफ्तरदार

अर्धविराम, मसुद्याची भाषा छान साधली आहे. माझ्या दोन शंका आहेत, दोन्ही मुळाशी जाणाऱ्या.

पहिली, सही कोण करतंय? गाठाळ्यांना प्रमुख असणार हे समजू शकतो, बांधून ठेवणं हा त्यांचा स्वभावच आहे. पण उकल्यांबद्दल तुम्हीच आधीच्या भागात लिहिलं आहे की त्यांच्यात कुणी कुणाचं ऐकत नाही, तीन वाड्यांचे तीन म्होरके आहेत. मग एकाच्या सहीने बाकीचे दोघे कसे बांधले जातील? १७७९च्या जानेवारीत वडगावला मराठ्यांनी इंग्रजांची फौज कोंडली आणि फौजेबरोबर आलेल्या मुंबईकर अधिकाऱ्यांकडून तह लिहून घेतला. फार्मर आणि स्टुअर्ट हे दोन ओलीसही ठेवून घेतले. पण तो तह मुंबईने मानला नाही आणि कलकत्त्याला गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जनेही मानला नाही. सही करणाऱ्यांना तो अधिकारच नव्हता, असं म्हणून मोकळे झाले. रणांगणावर जिंकलेलं कागदावर गेलं. तुमच्या कथेत उकल्यांचा तिसरा म्होरका नेमकं हेच म्हणेल, आणि त्याच्या बाजूने पाहिलं तर त्याचं म्हणणं खोटंही नसेल.

दुसरी शंका, या तहात हरलं कोण? सातही कलमं समसमान आहेत. खऱ्या तहाच्या कागदावरून दोन्ही बाजूंची त्या दिवशीची ताकद वाचता येते. पुरंदरचा १६६५चा तह घ्या. २३ किल्ले द्यायचे, १२ ठेवायचे. बाकी एक अक्षर वाचलं नाही तरी त्या दोन आकड्यांवरून कोण कुठे उभं होतं ते कळतं. पाचच वर्षांत, १६७० साली, कोंडाण्यापासून ते किल्ले परत घ्यायला सुरुवात झाली, त्याचंही बीज त्याच आकड्यांत आहे. तुमच्या तहात असा एक तरी आकडा हवा, जो एका बाजूच्या पोरांना मोठं होईपर्यंत सलत राहील.

दोघेही थकून थांबलेत असं दाखवायचं असेल तर तेही करता येईल. मग तहाच्या दोन प्रती असाव्यात आणि दोन्हींची प्रस्तावना वेगळी असावी. इजिप्तचा राजा रामसेस दुसरा आणि आजच्या तुर्कस्तानातल्या हित्ती लोकांचा राजा हत्तुसिली तिसरा यांचा तह सुमारे इ. स. पू. १२५९चा. तो इजिप्तमध्ये कर्नाकच्या देवळाच्या भिंतीवर कोरला आहे आणि तिथे सुरुवातीलाच हित्ती राजाने शांतता मागितली असं लिहून ठेवलं आहे. आपल्या प्रजेपुढे मान ताठ राहावी एवढी सोय प्रत्येक तहाला करावीच लागते.

काजळरेघ

धूमकेतू, मला पाचव्या कलमाची भीती वाटते, पण ती तुम्हाला वाटते तशी नाही. कलम जसं लिहिलंय तसं चालवून पाहू.

तहानंतर तिसऱ्या महिन्यात एक दहा वर्षांची उकली मुलगी नदीकाठी खेळतेय. झाडाला अडकलेली जुनी दोरी दिसते. हात लावते, गाठ सुटते, पलीकडचं पीक झोपतं. कलम एक मोडलं. त्याच क्षणी तिथून दोन दिवसांच्या वाटेवर उकल्यांची प्रमुख जेवता जेवता कोसळते. का मेली हे तिलाही कळत नाही. तह करण्यासाठी जिने आपल्या लोकांच्या शिव्या खाल्ल्या तीच बाई गेली आणि तिच्या जागी कोण येणार? ज्याला तह नको होता तो.

आता याच्याही पुढचं. ज्याला तह नको आहे त्याने ते कलम नीट वाचलं तर? आपल्याच प्रमुखाला मारायचा इतका सोपा मार्ग त्याला दुसरा कुठला मिळणार? रात्री जाऊन पलीकडच्या एका विहिरीची गाठ सोडायची. ना विष लागत ना मारेकरी, आणि दोष शत्रूच्या दोरीवर ढकलता येतो. शांतता हवी असलेल्या दोन माणसांचा गळा तुम्ही शांतता नको असलेल्या प्रत्येकाच्या हातात देताय.

हा प्रश्न नवा नाही. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात सातव्या अधिकरणाच्या शेवटाकडे तो सरळ मांडलाय. आधीच्या आचार्यांचं मत असं की शब्द किंवा शपथ यावर केलेला संधी, म्हणजे तह, डळमळीत, आणि जामीन किंवा ओलीस घेऊन केलेला पक्का. कौटिल्य उलट सांगतो. शब्द आणि शपथ इहलोकी आणि परलोकी दोन्हीकडे बांधतात, जामीन आणि ओलीस फक्त इथे, आणि तेही समोरच्याचं बळ असेल तोवरच. जुने राजे शपथ घेताना कशाकशाला हात लावत त्याची यादीही तिथे आहे. अग्नी, पाणी, नांगराची चाकोरी, मातीचं ढेकूळ, हत्तीचा खांदा, घोड्याची पाठ, रथातली बसायची जागा, शस्त्र, बियाणं, सोनं. शपथ मोडणाऱ्याला याच गोष्टींनी मारावं आणि सोडून जावं, असं म्हणायचं.

ही यादी मला फार आवडते. ज्याच्यावर माणूस जगतो ते सगळं त्यात आलंय, आणि हात लावणाराच शपथ मोडणारा आहे. तुमच्या कलमात मोडणारा एक आणि मरणारा दुसरा. तिथे शपथ उरत नाही, प्रमुखच ओलीस होतो.

धूमकेतू

काजळरेघताई, मुलीचं उदाहरण बिनतोड आहे, मान्य. पण दुसरी बाजूही पाहा. दोरी काहीच करणार नसेल तर या जगात विद्या आहे कशाला? दफ्तरदारसाहेबांनी काढलेल्या त्याच हित्ती तहात दोन्हीकडच्या हजार-हजार देवांना साक्षी ठेवलंय. जो मोडेल त्याचं घर, जमीन, नोकरचाकर यांचा त्या देवांनी नाश करावा आणि जो पाळेल त्याचं भलं करावं असं लिहिलंय. त्या माणसांना ते खरं वाटत होतं. धाक नसेल तर तह नुसता कागद. आणि अर्धविरामांच्या जगात तर धाक खराच आहे, तो काढून टाकणं म्हणजे आपल्याच जगाशी बेइमानी.

काजळरेघ

धाक असू द्या, तो योग्य माणसावर पडू द्या, एवढंच म्हणतेय. आणि त्याच तहाचा पुढचा भागही पाहा ना. पळून गेलेल्या माणसाला परत पाठवायचं, पण परत आल्यावर त्याला मारायचं नाही, त्याच्या डोळ्यांना, कानांना, तोंडाला, पायांना इजा करायची नाही, असं स्पष्ट लिहून ठेवलंय. देव साक्षीला असूनही माणसांनी एवढ्या बारकाव्यात जाऊन लिहिलं, कारण परतलेल्याचं काय होतं ते सगळ्यांना ठाऊक होतं. अर्धविराम, तुमच्या कलम चारमध्ये वाचा सोडून माणूस हवाली करायचाय. पण घरी परतल्यावर आपलेच लोक त्याला फितूर ठरवणार नाहीत कशावरून?

रानवाटा

सगळे पाचव्या कलमावर बोलताय. मला तिसऱ्यावर बोलायचंय, कारण माझ्या मते खरी कादंबरी तिथे आहे.

'युद्धकाळी मारलेल्या गाठी ज्याच्या त्याने एक वर्षाचे आत सोडाव्या.' सतरा वर्षं युद्ध झालंय, गाठी मारणारे निम्मे तरी मेले असतील. मेलेला माणूस आपली गाठ कशी सोडणार? आणि जिवंत आहेत त्यांना तरी आठवतंय का, कुठल्या झाडाला, कुठल्या विहिरीच्या रहाटाला, कुठल्या पायवाटेवरच्या वेलीत?

हे भूसुरुंगांचंच दुखणं आहे. सुरुंग पेरायला एक दुपार लागते, काढायला पिढी जाते. युद्ध थांबलं हे सुरुंगाला कुणी सांगत नाही. भूसुरुंगबंदीचा करार १९९७ साली ओटावाला सह्यांसाठी खुला झाला आणि १९९९पासून लागू झाला. आपल्या ताब्यातल्या जमिनीतले सुरुंग दहा वर्षांत काढायचे असं त्यात ठरलं. तरी कितीतरी देशांना मुदत वाढवून मागावी लागली. यंत्रं, पैसा, नकाशे असूनही. तुमच्याकडे फक्त एक वर्ष आहे आणि नकाशा नाहीच.

म्हणून या कलमाचा पहिला शब्द 'सोडाव्या' असा नसावा, 'सांगाव्या' असा असावा. प्रत्येक गाठाळ्याने आपल्या गाठींची यादी द्यायची. कुठे, कशात, काय बांधलं. आणि यादी देणाऱ्याला त्या गाठीबद्दल शिक्षा नाही. ही माफी लिहून दिली नाही तर एकही माणूस खरी यादी देणार नाही, कारण यादी म्हणजे स्वतःच्या हातचा कबुलीजबाब. ज्याची बहीण त्या गाठीत गेली त्याने ही माफी कशी गिळायची, हा प्रसंग तुम्ही लिहायलाच हवा.

आता मेलेल्यांच्या गाठींचं. त्या फक्त उकलेच सोडू शकतात, म्हणजे उकल्यांना पलीकडच्या मुलखात जावं लागणार. पण अनोळखी गाठ सोडणं उकल्यालाही धोक्याचं आहे असं तुम्ही दुसऱ्या भागात दाखवलंय. मग मेलेल्याच्या घरचं कुणीतरी सोबत लागेल. विहिरीच्या काठावर एक उकला बसलाय, रहाटाच्या दोरात बोटं घालून. बाजूला एक गाठाळी बाई उभी आहे आणि सांगतेय, "दादा डावखुरा होता. त्याचा पहिला वेढा नेहमी खालून जायचा. तुम्ही वरून शोधताय, तिथे काही नाही मिळणार." आणि हा दादा कदाचित याच उकल्याच्या हातून मेलेला. मला तरी तह म्हटल्यावर हे डोळ्यांपुढे येतं, मनगटं बांधलेले दोन म्हातारे येत नाहीत.

धूमकेतू

रानवाटा, हे फारच जबरदस्त आहे.

तळटीप

सरहद्दीबद्दल. 'सांजवेची मधली धार' हे कलम पहिल्याच मोठ्या पुरात गोत्यात येईल. नदी पात्र बदलते, आणि तुमच्याकडे तर पूर बांधणारे आणि सोडणारे दोन्ही बसलेत. रात्रीतून धार सरकवली की शेजाऱ्याचं शेत आपलं. त्यामुळे 'तहाच्या दिवशी जिथे धार होती तिथे' असं लिहून दोन्ही काठांवर दगड रोवा.

नदी सरहद्द म्हणून धरायला हरकत काहीच नाही. शाहू महाराज आणि कोल्हापूरचे संभाजीराजे या चुलतभावांनी १७३१ साली वारणा नदी धरूनच तह केला. त्यातलं मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते वेगळं कलम, एकाकडच्या चाकरांना दुसऱ्याने चाकरीत ठेवू नये. भाऊबंदकीत माणसं फोडण्यावरूनच निम्मी भांडणं होतात. तुमच्या तहात शिष्यांबद्दल चकार शब्द नाही. गाठाळ्यांचा नाराज शिष्य उकल्यांकडे गेला तर काय करायचं?

दुवाशिळा 'सामाईक' ठेवलीत ते छान, पण सामाईक म्हणजे कुणाचीच नाही असं होऊ देऊ नका. फ्रान्स आणि स्पेनमध्ये बिदासोआ नदीत फेझंट नावाचं एक चिमुकलं बेट आहे. १६५९चा पिरेनीजचा तह तिथेच ठरला. ते बेट आजही सहा महिने स्पेनकडे आणि सहा महिने फ्रान्सकडे असतं. ठरलेल्या तारखेला ताबा बदलतो. अशी पाळी लावून द्या. पाळी बदलायच्या दिवशी दोन्ही बाजूंची माणसं समोरासमोर येतात, वर्षातून दोनदा तरी येतातच.

सांजसावली

धागा पहिल्यापासून वाचतेय. सहाव्या कलमावर अजून कुणीच काही बोललं नाही म्हणून लिहिते.

दुहेरी लोकांनी एक घराणं निवडायचं आणि दुसरी विद्या टाकायची. अर्धविराम, विद्या टाकायची म्हणजे काय करायचं? आईकडून बांधायला शिकलेलं आणि बापाकडून सोडायला शिकलेलं पोर असेल तर त्याने कुणाला टाकायचं? सतरा वर्षं दोन्ही बाजूंनी त्यांना फितूर म्हटलं असणार. युद्धात ते कुणाच्याच बाजूने धड नव्हते, आणि आता तहाच्या टेबलावर त्यांच्यातलं कुणीच नाही. दोन शत्रू एकत्र बसले आणि दोघांचं पहिलं एकमत झालं ते या लोकांना अर्धं कापण्यावर. मला हे कलम पाचव्याहून जास्त क्रूर वाटतं. इथे कुणी मरत नाही, म्हणून ते वाचताना कुणी थबकलंही नाही.

खऱ्या जगातल्या कितीतरी फाळण्या आणि तह असेच झालेत. रेघ मारणाऱ्यांनी मारली आणि रेघेवर घर असलेल्यांना कुणी विचारलं नाही. कादंबरीत तुम्हाला हेच दाखवायचं असेल तर कलम तसंच ठेवा, पण मग त्या दुहेरी पोराचं एक पूर्ण प्रकरण द्या. नुसतं एक ओळीचं कलम लिहून पुढे जाऊ नका, एवढी विनंती.

जुना दफ्तरदार

सांजसावली यांच्या मुद्द्याला धरून एक सुचवतो. या तहाला जामीनदार नाही. १७८२ला सालबाईचा तह झाला तेव्हा महादजी शिंदे मध्यस्थ होते, आणि दोन्ही पक्ष तह पाळतील याची हमीही त्यांनीच घेतली होती. नाना फडणिसांनी मान्यता द्यायला बरेच महिने लावले, तरी तो तह टिकला आणि इंग्रज-मराठ्यांत वीस वर्षं मोठं युद्ध झालं नाही. हमी घेणाऱ्याच्या अंगात दोन्हीकडे वजन टाकण्याची ताकद होती म्हणून हे जमलं.

तुमच्या खोऱ्यात दोन्ही विद्या जाणणारे फक्त दुहेरी आहेत. गाठ कुणी मारली आणि कुणी सोडली हे ओळखू शकणारे तेवढेच. त्यांना कापण्याऐवजी जामीनदार करा.

सांजसावली

दफ्तरदारसाहेब, कल्पना चांगली आहे पण मला एक भीती आहे. ज्यांना दोघांनी छळलं त्यांच्याच खांद्यावर दोघांच्या शांततेचं ओझं? उद्या तह मोडला तर पहिला दोष जामीनदाराला. 'नाही' म्हणायची मुभा असेल तरच याला अर्थ आहे. आणि महादजींच्या मागे फौज होती, यांच्यामागे कोण?

अर्धविराम

तुम्ही सगळ्यांनी कलमं अक्षरशः चालवून पाहिलीत, त्याबद्दल मनापासून आभार. रात्रभर बसून नवा मसुदा केलाय. पहिलं कलम तसंच आहे, दुसऱ्यात दगड आणि पाळी आली, चौथ्यात परतलेल्या कैद्यांना घरच्यांकडूनही अभय दिलंय. बाकीची इथे देतो.

कलम ३. प्रत्येक गाठाळ्याने आपल्या व आपल्या घरातील मयतांच्या, ठाऊक असतील तेवढ्या गाठींची यादी तीन महिन्यांत द्यावी. यादीत दिलेल्या गाठीबद्दल शिक्षा नाही. लपवलेल्या गाठीबद्दल माफी नाही. आधी विहिरी, मग वाटा, मग शेते, मग रान. मयताची गाठ सोडताना उकल्यासोबत मयताच्या घरचे एक माणूस असावे. मुदत दहा वर्षे.

कलम ५. दुवाशिळेवर एक तांबडी दोरी राहील, तिचे एक टोक गाठाळ्यांच्या काठास व दुसरे उकल्यांच्या काठास पोचेल. तहाविरुद्ध कोठेही विद्या चालली की त्या दोरीत आपोआप गाठ पडेल. सात दिवसांचे आत उभयतांनी शिळेवर यावे, काय घडले ते बोलावे, व दोन्ही बाजूंनी धरून ती गाठ सोडावी.

इथे वेगळी शिक्षा लिहिलेली नाही, कारण गरज नाही. गाठ पडली की दोरी आखूड होतेच. न सोडलेल्या गाठी साचत गेल्या की एक दिवस टोकं काठांना पोचणार नाहीत, आणि त्या दिवशी तह संपला हे दोन्ही काठांवरच्या प्रत्येक माणसाला डोळ्यांनी दिसेल. काजळरेघताईंच्या गोष्टीतली ती मुलगी आता कुणाला मारत नाही. तिच्यामुळे फक्त एक गाठ पडते, आणि तिच्या बापाला शिळेवर येऊन खरं काय ते सांगावं लागतं.

सह्यांबद्दल : उकल्यांचे तिन्ही म्होरके वेगवेगळे सही करतील. तिसरा सही करत नाही. त्याची वाडी तहाबाहेर राहते, तेवढ्या बाजूला शांतता नाही. हाच तो सलणारा आकडा, तीनातला एक.

धूमकेतू

दोरी आखूड होण्याची कल्पना आवडली. माझ्या म्हाताऱ्यांचा प्रसंग गेला याचं वाईट वाटतंय, पण हे जास्त टिकेल.

तरी धाकाचा माझा हट्ट थोडा पुरवा. शिळेवर येऊन कुणी खोटं बोललं तर? 'आमच्याकडून काही झालं नाही' म्हणून गाठ सोडायला हात घातला तर? त्याची वाचा बांधली जावी, खोटं मागे घेईपर्यंत. कलम चारमध्ये तेच दुखणं आहे, वाचक ते ओळखतील.

काजळरेघ

धूमकेतू, याला माझी पूर्ण संमती. इथे जो मोडतो तोच भोगतो. शिवाय परत यायचा रस्ता त्याच्यासाठी उघडा राहतो.

एक भर घालते. उत्तर आयर्लंडचा करार १९९८चा. शस्त्रं दोन वर्षांत निकामी करायची असं ठरलं होतं, पण आयआरए या तिथल्या सशस्त्र संघटनेने ते काम २००५ साली पूर्ण केलं. स्वतंत्र आयोगाबरोबर दोन धर्मगुरू ते पाहायला हजर होते, एक कॅथलिक, एक मेथडिस्ट. आपल्या बाजूच्या माणसाने डोळ्यांनी पाहिलं की लोक विश्वास ठेवतात. विहिरीवर गाठ सुटताना दोन्हीकडची साधी, विद्या न येणारी दोन माणसं साक्षीला उभी करा. आतापर्यंतच्या सगळ्या मसुद्यांत विद्या न येणाऱ्यांना कुठे जागाच नाही. वाहून गेलेली गावं त्यांचीच होती ना?

अर्धविराम

दोन्ही घेतो. खोट्याबद्दलची ओळ कलम ५ ला जोडतो आणि साक्षीदारांची कलम ३ ला. साक्षीदार वाहून गेलेल्या गावांतले असतील.

सहावं कलम आता असं आहे : दुहेरी लोकांनी कोणतीही विद्या टाकू नये. दुवाशिळेची राखण व गाठ कोणाची हे सांगण्याचे काम त्यांनी खुशीने पत्करल्यास त्यांचे, न पत्करल्यास जबरदस्ती नाही. मेहनताना उभयतांनी निम्मा निम्मा द्यावा. राखणदारास इजा करणाऱ्यास त्याच्याच घराण्याने पकडून शिळेवर हजर करावे.

सांजसावली, तुमच्या 'यांच्यामागे कोण' या प्रश्नाला शेवटची ओळ पुरेशी नाही हे दिसतंय. कथेतही ती पुरणार नाही. दुहेरी पोराचं प्रकरण आता त्याच प्रश्नावर लिहायचं ठरवलंय. त्याला राखणदार व्हायला बोलावतात आणि तो पहिल्यांदा नकार देतो.

सांजसावली

नकाराचं प्रकरण घाई न करता लिहा. त्याची कारणं पूर्ण सांगू द्या त्याला. वाट पाहते.

तळटीप

सातव्या कलमातलं 'आचंद्रार्क' राहू द्या, तहाला ते शोभतं. पण दर दहा वर्षांनी सगळी कलमं शिळेवर मोठ्याने वाचावीत आणि बदल करायचा तर तिथेच करावा, एवढं जोडा. गाठी सोडायची मुदतही दहाच वर्षं आहे, तेव्हा पहिलं वाचन त्याच दिवशी पडेल.

जुना दफ्तरदार

लहानशी गोष्ट, पण दरबारी माणसं यावरून महिनोन्‌महिने भांडतात. आधी नाव कुणाचं? त्यावर राजनैतिक व्यवहारात एक जुनी रीत आहे, ज्याच्याकडे जी प्रत राहणार तिच्यात त्याचं नाव आधी. दोन प्रती, दोन क्रम. म्हणजे गाठाळ्यांच्या प्रतीत गाठाळे आधी आणि उकल्यांच्या प्रतीत उकले. तिसरी प्रत राखणदारांकडे ठेवणार असाल तर तिच्यात कुणाचं नाव आधी, हे तुम्हाला ठरवावं लागेल. मी तर वाहून गेलेल्या गावांची नावं आधी घालीन.

अर्धविराम

घातली. रानवाटा, विहिरीवरचा प्रसंग तुमचा आहे, तुमची हरकत नसेल तर तिथूनच पुढचं प्रकरण सुरू करतो. एकच विचारायचंय. डावखुऱ्या भावाची गाठ सोडताना त्या बाईला दोराला हात लावता येणार नाही, कारण ती मारणारीही नाही आणि उकलीही नाही. मग ती वेढा दाखवणार कसा?

रानवाटा

खुशाल घ्या. तिच्याजवळ दुसरी दोरी असू द्या, कोरी. भावाने शिकवलेली गाठ ती त्या दोरीत त्याच्यासमोर मारून दाखवेल, सावकाश, प्रत्येक वेढ्याला थांबून, आणि उकल्याची बोटं तिच्या बोटांकडे बघत रहाटावर उलटी चालतील. फक्त तिच्या गाठीत काही बांधलं जाणार नाही याची काळजी घ्या. गाठाळ्यांची विद्या कुठल्या क्षणी लागू होते, गाठ आवळताना की त्याआधी, हे तुम्ही अजून कुठेच सांगितलेलं नाही. ते आधी ठरवा, म्हणजे ती शेवटचा वेढा न आवळता थांबू शकेल.